काळ्या कंपूचा रायटर

मिरज,
रविवार, रात्री साडेदहा

प्रिय वस्ताद,

परवा फोनवर तू विचारलंस, दिवसभर करतोस काय, आणि मी ‘वाचतोय’ म्हणालो तर खो खो हसलास. हस बाबा. रिटायर झालेला माणूस एक तर शेतात जातो नाही तर देवळात, आणि मी गच्चीवर बसून जादूगारांच्या गोष्टी वाचतोय. पण फोनवर सांगून ते कळलं नसतं, म्हणून हे पत्र. इतकी वर्षं पोलिसांच्या कंपनीत रायटरकी केली, रोज डायरी लिहिली, दोन पानं खरडल्याशिवाय हाताला चैन पडत नाही.

झालं असं, की पुतण्या सुट्टीत आला तेव्हा एक जाडजूड इंग्रजी पुस्तक इथंच विसरून गेला. ‘क्रॉनिकल्स ऑफ द ब्लॅक कंपनी’, एका बांधणीत तीन कादंबऱ्या. नावात ‘कंपनी’ दिसलं म्हणून उघडलं, दुसरं काही कारण नाही. वीसेक पानं डोक्यावरून गेली. कोण कुणाचा, हे शहर कुठलं, काही पत्ता लागेना. लेखक समजावत बसतच नाही. बदली होऊन नव्या कंपनीत गेल्यावर पहिले चार दिवस जसे जातात, कोण कुणावर खार खाऊन आहे ते कळत नाही आणि विचारायचीही चोरी, तसं झालं. मग हळूहळू आवाज ओळखीचे झाले, आणि त्यानंतर तीन रात्री झोप नाही.

ही भाडोत्री सैनिकांची एक जुनी तुकडी. खातोवार नावाच्या कुठल्या तरी मुलखातून शेकडो वर्षांपूर्वी निघालेल्या तुकड्यांतली शेवटची उरलेली. पैसे देईल त्याच्यासाठी लढायचं, करार पुरा झाला की पुढचं गिऱ्हाईक. आता असल्या गोष्टींत नेहमी काय असतं? एक काळी सत्ता, तिच्याविरुद्ध उठलेले चांगले लोक, आणि आपण चांगल्यांच्या छावणीत. इथं आपली कंपनी करार करते तोच मुळी काळ्या सत्तेशी. ‘लेडी’ नावाची महाराणी, तिच्या हाताखाली ‘टेकन’ म्हणवणारे दहा जादूगार, एकेक म्हणजे चालता-बोलता कहर, आणि तेही आपसात एकमेकांचे पाय ओढणारे. समोर बंडखोर. ते न्यायासाठी लढतात म्हणे, पण वागायला तेही काही कमी नाहीत. आणि आपली माणसं मध्ये, पगार घेऊन उभी.

आपल्याकडे ‘भाडोत्री’ म्हटलं की शिवीच. गारदी म्हटलं की ३० ऑगस्ट १७७३ आणि शनिवारवाडा, दुसरं काही आठवतच नाही. पण स्वतःचं घोडं घेऊन चाकरीला येणारा शिलेदारही पैशासाठीच येत होता, त्याला आपण मानाने आडनाव करून घेतलं. महादजी शिंद्यांनी द बॉयन्य या परदेशी माणसाकडून पलटणी उभ्या करून घेतल्या, त्यांना त्या काळी ‘कंपू’ म्हणत. आता कंपू म्हणजे चहाच्या टपरीवरची टोळकी. मला विचारशील तर या पुस्तकाचं मराठी झालं तर नाव ‘काळा कंपू’च ठेवावं. कंपू म्हटलं की त्यात पलटणही आली आणि टोळकंही.

पण मी अडकलो तो लढायांमुळे नाही. गोष्ट सांगतो तो क्रोकर. तो कंपनीचा डॉक्टर आणि कंपनीचा बखरकार. जखमा शिवायच्या आणि रात्री दिव्याखाली बसून रोजनामा लिहायचा. म्हणजे, वस्ताद, तो रायटर आहे! कंपनीच्या जुन्या वह्या तो सांभाळतो, पळापळीत आधी त्यांची काळजी करतो, आणि माणसांचा धीर सुटायला लागला की जुन्या बखरीतलं एखादं पान त्यांना वाचून दाखवतो. चारशे वर्षांपूर्वी आपले लोक यापेक्षा वाईट कोंडीत सापडले होते, ऐका. माझी डायरी कुणी अशी वाचून दाखवली असती तर लोक उभ्या उभ्या झोपले असते.

लेखकाला हे कुठून ठाऊक असेल याचा विचार करत होतो. ग्लेन कुक हा १९४४ सालचा जन्म, अमेरिकन नौदलात काही वर्षं काढलेला. नंतर जनरल मोटर्सच्या कारखान्यात गाड्यांच्या जुळणीवर कामाला होता आणि तिथं काम करता करता पुस्तकं लिहायचा. हात एकाच कामाला बसले की डोकं मोकळं, असं काहीसं. ‘द ब्लॅक कंपनी’ हा पहिला भाग १९८४चा. चाकणला शिफ्ट करणाऱ्या तुझ्या थोरल्याला सांग हे. भाषाही तशीच आहे, तुटक, कामाची. डोंगर, सूर्यास्त यांच्यावर शाई खर्च नाही. लढाई दोन ओळींत संपते आणि पत्त्यांचा डाव पानभर चालतो.

पत्त्यांचं सांगतोच. ही माणसं सारखी टाँक नावाचा खेळ खेळतात. वन-आय म्हणून शंभरी ओलांडलेला एकडोळा जादूगार आहे, पत्त्यांत हमखास लबाडी करणारा, आणि गॉब्लिन म्हणून दुसरा, बेडकासारख्या तोंडाचा. दोघांचं भांडण वर्षानुवर्षं चाललेलं. एक दुसऱ्याच्या अंगावर जादूने काहीबाही सोडणार, दुसरा त्याचा वचपा काढणार, आणि बाकीचे पैजा लावणार. तिसरा सायलेंट. त्याला बोलता येतं, पण तो बोलत नाही. मला पंढरपूरच्या बंदोबस्तातला आपला मेंढीकोट आठवला. गाडीखाली सावलीत सतरंजी, आणि तू कोट चढल्यावर पानं फेकून दिलीस तो दिवस. बंदोबस्त म्हणजे नव्वद टक्के वाट बघणं, हे बाहेरच्याला सांगून पटत नाही. या माणसाला ते ठाऊक आहे.

आणि नावं. कंपनीत कुणी खऱ्या नावाने नाही. एल्मो, रेव्हन, कॅप्टन म्हणजे फक्त कॅप्टन. मागे काय करून आलास हे विचारायचं नाही, हा तिथला अलिखित नियम. हजेरीपट माझ्याकडे म्हणून मला सगळ्यांची नावं पाठ, पण तुझ्या लग्नाची पत्रिका आली तेव्हा अर्ध्या कंपनीने ‘हा कोण’ म्हणून विचारलं होतं, आठवतंय ना?

रेव्हनवर तुझं मन बसेल. थंड, घुमा, सुरीचा पक्का. लंगड्या म्हणून एक टेकन आहे, त्याच्या सैन्याने धुळीला मिळवलेल्या गावातून हा एक मुकी-बहिरी पोर उचलून आणतो आणि तिला जिवापाड जपतो. तिचं नाव डार्लिंग. हसू नकोस. पुढे सगळी मालिका त्या पोरीभोवती फिरते, एवढंच सांगतो, जास्त सांगितलं तर वाचणार नाहीस.

तिन्हींत मला विचारशील तर दुसरा भाग, ‘शॅडोज लिंगर’. त्यात अर्धी गोष्ट कंपनीची आणि अर्धी मॅरन शेड नावाच्या एका खानावळवाल्याची. ज्युनिपर नावाचं थंडीने गारठलेलं गरीब शहर. शेड भित्रा, कर्जात बुडालेला, घरात आंधळी आई, दारात सावकाराची माणसं. सरपण चोरायलाही त्याला मेलेल्यांसाठी राखलेल्या आवारात जावं लागतं. त्या गावात प्रेतं जपून ठेवतात, पुन्हा उठतील म्हणून. आणि गावावरच्या टेकडीवर एक काळा किल्ला आहे, तिथं प्रेतांना रोख चांदी मिळते. एवढं सांगितलं की पुढचं तुझ्या लक्षात आलंच असेल. पहिलं प्रेत आपोआप मेलेल्याचं. मग जवळजवळ मेलेल्याचं. मग... प्रत्येक वेळी शेडकडे कारण तयार, आणि दर वेळी ते आपल्याला पटतं, हीच भीती. सगळ्या मालिकेत टेकनचे वादळवारे आहेत, उडत्या सतरंज्या आहेत, पण घाबरलो मी या खानावळवाल्याला. असे दोन-तीन शेड आपण लॉकअपमध्ये पाहिलेत. चहा मागायचे आणि आईचं औषध राहिलं म्हणून रडायचे.

तिसरा भाग, ‘द व्हाइट रोझ’, जरा विचित्र. बोलणारे उभे दगड, चालणारी झाडं, आभाळात तरंगणारे देवमासे. पुतण्याला तो आवडतो. मला मध्ये मध्ये झोप आली, शेवटाला उठून बसलो.

पुढचे भाग मग मागवून घेतले. १९८४ ते २०००पर्यंत दहा झाले, २०१८ला आणखी एक आला. कंपनी दक्षिणेकडे जाते, टॅग्लिओस नावाच्या देशात, आणि तिथं पोचल्यावर मी चष्मा पुसून पुन्हा वाचलं. तो देश म्हणजे आपणच की रे! गुन्नी, शादर, वेहदना असे तीन धर्म, जातपात, उकाडा, देवळं, आणि कीना नावाची संहाराची देवी, जिचे भक्त रुमालाने गळे आवळतात. म्हणजे ठग. त्यांच्या पुढाऱ्याचं नाव नारायण सिंग. स्लीमन या इंग्रज अधिकाऱ्याने १८३०च्या दशकात जबलपूरकडे बसून ठगांचं जे दप्तर उभं केलं, आणि मेडोज टेलरने १८३९मध्ये ज्याची कादंबरी केली, तेच सगळं अमेरिकेला वळसा घालून परत आलंय. तुळजापूरच्या नवरात्रात आपण नळदुर्ग बघायला गेलो होतो ना, हा टेलर पुढे तिथं अंमलदार होता. ठगांचा असा एकसंध देवीपंथ खरंच होता की साहेबाने कबुल्यांतून तो विणला, यावर इतिहासवाले आजही भांडतात. कुकने ते भांडण बाजूला ठेवून पंथ सरळ उचलला. वाचताना राग येतो. आपला देश कुणा परक्याच्या छावणीतून असा दिसतो तर! पण एक मान्य करायला हवं, नारायण सिंग पुठ्ठ्याचा नाही. त्याची श्रद्धा खरी आहे आणि माणूस म्हणून तो कंपनीतल्या कित्येकांपेक्षा नेमस्त. आणि लिहिणारे भाडोत्रीच, त्यांना परका मुलूख दिसणार तो असाच. बंदोबस्ताला गेलेल्या गावाबद्दल आपण तरी काय लिहायचो? ‘गाव संवेदनशील.’ संपलं.

आता ज्यासाठी खरं तर हे पत्र लिहायला घेतलं, ते. पहिल्या भागात क्रोकर एके ठिकाणी कबूल करतो, की आपल्या भाऊबंदांची वाईटातली वाईट बाजू मी बखरीत फारशी येऊ देत नाही. ते क्रूर आहेत हे त्याला दिसतं. पण ती त्याची माणसं आहेत, दुसरं घर नाही त्याला. एवढं सांगून तो पुढे जातो. मी तिथं पुस्तक मिटलं. कारण त्याआधी शे-दीडशे पानं मी या लोकांवर जीव लावून बसलो होतो, आणि तो जीव याने मला काय काय न सांगून लावून घेतला होता, हे तेव्हा कळलं. मागे जाऊन पुन्हा वाचलं. गाव घेतलं, असं एका ओळीत आहे. त्या ओळीत काय काय असेल? गंमत म्हणजे त्या काळ्या महाराणीलाही हाच माणूस हवा असतो. जे झालं ते जसंच्या तसं लिहिणारा म्हणून ती त्याला बोलावून घेते.

तुला ती रात्र आठवते का, मी नाव घेत नाही गावाचं. दगडफेक थांबली होती, दिवे गेलेले, आपण बोळाच्या तोंडाशी. तो पोरगा पळत नव्हता, उभाच होता. तू मारलंस. मग आणखी दोघांनी. पहाटे मी गाडीच्या बॉनेटवर डायरी ठेवून लिहिलं, ‘किरकोळ बळाचा वापर करून जमाव पांगवला.’ जमाव नव्हता, एक पोरगा होता. आणि ‘किरकोळ’ हा शब्द कुणी सांगितलेला नाही, साहेबांनीही नाही. तो माझा. तुझं तेव्हा नुकतंच लग्न ठरलं होतं, तू दोन दिवस जेवला नव्हतास, आणि मला वाटलं, एवढं तर करू शकतो मी. बाकी वीसेक वर्षांत तुझ्याबद्दल डायरीत जे लिहिलं त्यातलं हेच एक मला शब्दान्शब्द पाठ आहे. आपण यावर कधी बोललो नाही. ओझं टाकायचं म्हणून सांगत नाही, दोष द्यायचा म्हणून तर नाहीच नाही. पुस्तक वाचताना तो पोरगा सारखा मध्ये येऊन उभा राहत होता, इतकंच.

पुस्तक शनिवारी भाच्याबरोबर बार्शीला पाठवतो. इंग्रजी तुला जड जाईल हे ठाऊक आहे. धाकटीला म्हणावं, रात्री जेवणं झाल्यावर दहा पानं वाचून दाखव, कळेल तेवढं मराठीत सांग. क्रोकर वाचायचा तसं. पहिली वीस पानं कळलं नाही तरी थांबवू नकोस तिला. आणि ते कबुलीचं पान आलं की मला फोन कर. दुपारी नको, दुपारी घरात सगळे असतात.

गुडघ्याला शेक घेतोस का? वहिनींना नमस्कार, पोरांना आशीर्वाद.

तुझा,
रायटर

ता. क. पुस्तकात शेडच्या भागात खुणेला एसटीचं तिकीट ठेवलंय, मिरज-पंढरपूर. ते काढू नकोस. आणि पानाचे कोपरे दुमडू नकोस, पुतण्या मला विचारतो.