प्रमोशनचा फरक रिटायर झाल्यावर तरी द्या

संपादक साहेब, नमस्कार. आख्खी नोकरी बसमध्ये कंडक्टर म्हणून गेली, सिनिऑरिटीने वाहतूक नियंत्रकाचं प्रमोशन मिळायचं ते फाइलीतच राहिलं अन् आता आम्ही रिटायर्ड लोक सिव्हिल लाइन्सच्या हायकोर्टात तारखा घेत बसलोय. ऑफिसचे साहेब म्हणतात वरच्या पोस्टचं काम केलं नाही तर पगाराचा फरक कशाचा? अहो, पोस्ट तुम्हीच दिली नाही, मग काम काहून करणार होतो! सुप्रीम कोर्टाने १९९१ च्या जानकीरामन केसमध्ये सांगितलंय, कामाला तयार माणसाला ऑफिसनेच बाजूला ठेवलं तर ‘नो वर्क नो पे’ म्हणजे काम नाही तर पगार नाही, हा नियम सरसकट लागत नाही. अन् नुसता पगाराचा फरक नाही हो, ग्रॅच्युइटी शेवटच्या पगारावर निघते, वर्षामागे १५ दिवसांची, म्हणजे बेसिक कमी तर तीही कमी. निदान म्हाताऱ्यांच्या केसेस तरी आधी घ्या.

– एक रिटायर्ड कंडक्टर, नागपूर