दिगू, तो शब्द ‘व्हिटल्स’ आहे

प्रिय दिगू,

आठ महिने पत्र नाही, रागावला असशील. गुडघा तसाच आहे, बाकी बरं. आज लिहायला बसलो कारण हे घरात कुणाला सांगून कळायचं नाही.

नववीला शिकवायला जुन्या शिडाच्या जहाजावरचा एक इंग्रजी उतारा होता. त्यात ‘व्हिक्च्युअल्स’ आलं, म्हणजे प्रवासाचा शिधा. एका मुलीनं वाचताना ‘व्हिटल्स’ म्हटलं. मी अडवलं. “मधला सी कुठे गेला?” म्हणत तीनदा म्हणून घेतलं. बिचारीनं मान खाली घालून म्हटलं.

परवा रात्री मोबाइलवर तो शब्द ऐकला. व्हिटल्सच, दिगू! जुन्या फ्रेंचमधून तो इंग्रजीत आला तेव्हा त्यात सी नव्हताच. लॅटिन मूळ दिसावं म्हणून पंडितांनी तो मागाहून घातला. लोक मात्र पूर्वीसारखंच बोलत राहिले. कर्जाच्या ‘डेट’मधला बी, ‘रिसीट’मधला पी, सगळे असेच घुसलेले.

मग झोप कसली? एकेक शब्द ऐकत बसलो. २६ वर्षं मी ‘बोटस्वेन’ शिकवतोय. तो ‘बोसन’ आहे. खलाशांवरचा माणूस, तुझ्या अण्णांसारखा तांडेलच म्हण. होडीचा वरचा काठ ‘गनवेल’ नव्हे, ‘गनल’. माझ्या वर्गातली दोन पोरं मर्चंट नेव्हीत गेली रे. माझ्याकडून शिकलेला उच्चार त्यांनी तिथे केला असेल, कुणी हसलं असेल. हे काही केल्या डोक्यातून जात नाही.

आणि बंदरातल्या धक्क्याच्या इंग्रजी शब्दावरून झालेलं आपलं भांडण! तू ‘की’ म्हणालास, मी ‘क्वे’. आठ दिवस अबोला. तू माझी सायकल लपवलीस आणि कुठे ठेवली तेच विसरलास! तुझंच बरोबर होतं. पूर्वी तो शब्द किल्लीच्या ‘की’सारखाच लिहीत, फ्रेंच वळणाचं स्पेलिंग नंतर आलं.

मराठी लिहितो तशीच वाचतो, असं मी वर्गात अभिमानानं सांगतो. पण ‘तो घरी जात होता’ यातला ज वेगळा आणि ‘जातपात’मधला वेगळा. तो फरक आपल्याला आईच्या तोंडून कळला. इंग्रजी आपल्याला कुणी तोंडानं दिलीच नाही. दोघांत मिळून तो एक फाटका शब्दकोश, बस्स.

मेघनाचं ठरलं म्हणे! तारीख कळव. वहिनींची शुगर कशी आहे?

सोमवारी त्या मुलीला सगळ्या वर्गासमोर सांगणार आहे, तुझंच बरोबर होतं म्हणून. त्याआधी एक काम कर. शब्दकोश तुझ्याकडेच आहे ना? शब्दांपुढे उलटा ई आणि कसल्या कसल्या खुणा असायच्या, आपण त्या सोडून थेट अर्थावर जायचो. व्हीचं ते पान शोध आणि फोटो पाठव. उच्चार तिथे छापलेला होता का, एवढं मला बघायचंय.

तुझा,
सदा