गोलाणी मार्केटातल्या भाऊंना, पीएसपीबद्दल

भाऊ, स.न.वि.वि.

दुकानात तुमच्याशी नीट बोलता येत नाही, मागे कायम गिऱ्हाईक उभं असतं. म्हणून हे पत्र सगळ्यांसमोर लिहितोय. नाव टाकू नका म्हणालात, म्हणून टाकत नाही. जळगावात ज्यांनी एकदा तुमच्या हातून काम करून घेतलंय, ते ओळखतीलच.

माझा पीएसपी-३०००, म्हणजे सोनीचं हातात धरून खेळायचं गेम मशीन, बरीच वर्षं कपाटात पडून होता. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४५ च्या पुढे जातो, त्यात बॅटरी अशी फुगली की मागचं झाकण वर आलं. आधी ज्या दुकानात दाखवला, तिथे "भंगारात द्या, पार्ट येत नाहीत" एवढंच उत्तर मिळालं. तुम्ही मात्र झाकण काढलं, ती फुगलेली बॅटरी न दाबता हळूच उचलून बाजूच्या वाळूच्या डब्यात ठेवली आणि चार्जर लावून बॅटरीशिवायच मशीन चालू करून दाखवलं. "हाई फेकानी वस्तू नही शे भाऊ, देखूत," म्हणालात. तुमच्या तोंडची ती अहिराणी ऐकूनच मला अर्धा धीर आला.

मला हवं तरी काय होतं? मामांनी दुबईहून आणलेली टेकन ३ या मारामारीच्या गेमची ओरिजिनल सीडी, काळ्या तळाची. ती ज्यावर चालायची ते सोनीचं पहिलं प्लेस्टेशन कधीच बंद पडलं, सीडी राहिली. तो गेम हातातल्या पीएसपीवर खेळता येईल का, एवढंच विचारलं होतं. मेमरी कार्डात शंभर गेम कोंबून पैसे घेणारे पुष्कळ आहेत. तुम्ही म्हणालात, "सीडी तुमची आहे ना, मग तिच्यातूनच काढू." सीडी ड्राइव्ह असलेला जुना कॉम्प्युटर तुम्ही अजून सांभाळून ठेवलाय, हेही तेव्हाच कळलं. सीडी पुसून आत टाकली, तिची इमेज, म्हणजे एका फाइलमध्ये हुबेहूब नक्कल, काढली, ती पीएसपीला चालणाऱ्या ईबूट नावाच्या फाइलमध्ये बदलली आणि कार्डावरच्या 'पीएसपी' फोल्डरमध्ये, त्यातल्या 'गेम' फोल्डरमध्ये माझ्याच हाताने टाकायला लावली.

त्या वेळी तुम्ही जे समजावलंत, त्याचे आभार जास्त मानायचे आहेत. प्लेस्टेशनचा प्रोसेसर साधारण ३४ मेगाहर्ट्झचा आणि मेमरी २ एमबी. पीएसपी-३००० चा प्रोसेसर ३३३ मेगाहर्ट्झपर्यंत जातो आणि मेमरी ६४ एमबी. दोन्ही प्रोसेसर मिप्स या एकाच घराण्यातले, म्हणून जुन्याचं काम नव्याला झेपतं. प्लेस्टेशनची नक्कल करून त्याचे गेम चालवणारा प्रोग्रॅम, म्हणजे एम्युलेटर, सोनीनेच पीएसपीच्या फर्मवेअरमध्ये (मशीन चालवणाऱ्या मूळ सॉफ्टवेअरमध्ये) घातला होता, पण तो सोनीने विकलेल्या गेमांपुरता. आपल्या सीडीतला गेम त्यावर चालावा म्हणून बाहेरच्या हौशी लोकांनी खटपट केली. डार्क अ‍ॅलेक्स या टोपणनावाने काम करणाऱ्या स्पॅनिश प्रोग्रॅमरचं २००६-०७ मधलं कस्टम फर्मवेअर, म्हणजे सोनीच्या फर्मवेअरमध्ये फेरफार करून बनवलेलं, तुम्ही तेव्हा स्वतःच्या पीएसपी-१००० वर टाकलं होतं, हे सांगताना तुमचा चेहरा बघण्यासारखा होता. आवाजाचं काम पीएसपीतल्या दुसऱ्या प्रोसेसरवर, त्या मीडिया इंजिनवर ढकलून सुपर निन्टेन्डो या आणखी जुन्या गेम मशीनचे गेम पीएसपीवर पळवणारे लोकही तुमच्यामुळे मला माहीत झाले. घरी बसून, कोणी पगार देत नसताना केलेली ही कामं आहेत. त्या सगळ्यांना या पत्रातून माझा नमस्कार.

आणि एक गोष्ट मला फार पटली. मी घाईघाईने म्हणालो होतो, कस्टम फर्मवेअर कायमचंच बसवून टाका. तुम्ही नाही म्हणालात. आधी नवी बॅटरी, कारण चार्ज असलेल्या बॅटरीशिवाय अपडेट पुढेच सरकत नाही. मग सोनीचं शेवटचं, ६.६१ फर्मवेअर. आणि त्यावर कस्टम फर्मवेअर, पण फक्त मेमरीत चढणारं. मशीन पूर्ण बंद केलं की ते उतरतं, पुन्हा लावायला मेनूतून एक प्रोग्रॅम चालवावा लागतो. "अर्धा मिनिट जाईल, पण फ्लॅशला, म्हणजे फर्मवेअर कायमचं राहतं त्या चिपला, धक्का नाही. ती बिघडली तर मशीन मेलं. १००० असता तर पँडोरा बॅटरीने, मेलेलं मशीन उठवणाऱ्या खास बॅटरीने, उठवला असता, ३००० वर ती चालत नाही." गिऱ्हाइकाच्या घाईपुढे मशीनचा जीव मोठा मानणारा माणूस मला तुमच्यात दिसला. तुम्ही हातातल्या वस्तूला डॉक्टरसारखं बघता.

पैसेही तुम्ही बॅटरीचे, कार्डाचे आणि अडॅप्टरचेच घेतलेत. पीएसपीचं खास कार्ड, मेमरी स्टिक, मिळेना म्हणून मोबाइलचं मायक्रोएसडी अडॅप्टरमध्ये घातलंत, तेही आधी काठोकाठ भरून, परत वाचून बघितल्यावर. बाजारात नकली कार्डांचा सुळसुळाट आहे, हे मला कुठे ठाऊक होतं. मजुरीचं विचारलं तर नुसती मान हलवलीत. हे काही बरोबर नाही भाऊ. पुढच्या वेळी मजुरी घ्यावीच लागेल.

आता हाल सांगतो. गेम एकदम छान चालतो. चित्र चौकोनी, दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या राहतात. ताणून स्क्रीनभर करायचा पर्याय आहे, पण त्यात सगळे पैलवान जाड दिसतात, म्हणून मी मूळ मापच ठेवलंय. प्लेस्टेशनच्या रिमोटवरची एल-२, आर-२ ही जादा बटणं पीएसपीला नाहीत, पण टेकनचं भागतं. धाकट्या पुतण्याने गेममधल्या एडी या खेळाडूच्या लाथांवर मला सलग हरवलं आणि आता आमच्या गल्लीतली पोरं रविवारी नंबर लावून बसतात. मोबाइल खिशात ठेवून बसतात, याचं घरच्यांना फार अप्रूप वाटतं.

एक काम अजून आहे. भुसावळला मावसभावाकडे पीएसपी-१००० निघालाय, चालू होतो पण लगेच बंद पडतो. पुढच्या शनिवारी दुपारी घेऊन येतो, तेव्हा गर्दी कमी असते ना? आणि थंडीत आमच्या शेतावर भरीत होणार आहे, कळण्याच्या भाकरीसोबत. वहिनी आणि मुलांना घेऊन यायचंच, दुकान एक दिवस बंद राहिलं तरी चालेल.

तुमचा,
पीएसपी-३००० वाला