गेटवेवर राजाचं नाव आहे, बांधणाऱ्यांचंही लावा

मा. सांस्कृतिक कार्य मंत्री, महाराष्ट्र राज्य यांस,
स. न. वि. वि.

मंत्री महोदय, थेट मुद्द्यावर येतो. गेटवेच्या कमानीवर काय कोरलंय ते कधी मान वर करून वाचलंय का? पाचवा जॉर्ज आणि राणी मेरी २ डिसेंबर १९११ ला इथे उतरले, त्याची ही आठवण, एवढंच, आणि तेही इंग्रजीत. गंमत म्हणजे राजा उतरला तेव्हा कमान नव्हतीच, पुठ्ठ्याचा मंडप उभा केला होता. पायाभरणी १९१३ ला, डिझाईन मंजूर १९१४ ला, मग समुद्रात भराव, धक्क्याची भिंत, असं करत करत उद्घाटन झालं ४ डिसेंबर १९२४ ला. राजा उतरून पुढे गेला, आणि त्यानंतर वर्षानुवर्षं जे लोक तिथे राबले त्यांच्यापैकी एकाचंही नाव त्या कोरीव मजकुरात नाही.

डिझाईन जॉर्ज विटेटचं. स्कॉटलंडमध्ये १८७८ ला जन्मलेला हा माणूस १९०४ ला मुंबईत आला आणि सरकारी आर्किटेक्ट जॉन बेगच्या हाताखाली कामाला लागला. पण त्याने तिकडची स्टाईल आणून इथे चिकटवली नाही, गेटवेसाठी सोळाव्या शतकातल्या गुजरातच्या इमारती बघितल्या, दगड आपल्याकडचा पिवळा घेतला आणि जाळ्या ग्वाल्हेरहून आणल्या. आणि प्रत्यक्ष बांधकामावर देखरेख होती रावबहादूर यशवंतराव हरिश्चंद्र देसाईंची. मराठी इंजिनिअर! हे नाव मुंबईत किती पोरांना माहीत असेल सांगा बरं. शाळेत आम्हाला तरी "गेटवे इंग्रजांनी बांधलं" यापलीकडे कोणी काही सांगितलं नाही.

म्युझियमचं, म्हणजे आताच्या छत्रपती शिवाजी महाराज वास्तुसंग्रहालयाचं, पण तेच. १९०९ ची स्पर्धा जिंकून विटेटला ते काम मिळालं. बाहेरून बघितलं की घुमट विजापूरच्या गोलघुमटाची आठवण करून देतो, आणि आत गेल्यावर मधल्या हॉलमध्ये वर बघा, तिथे नाशिकच्या एका वाड्यातलं लाकडी कोरीवकाम, खांब कमानींसकट, आणून बसवलंय. लोक तिकीट काढून मूर्ती बघायला आत पळतात आणि ते बरोब्बर त्यांच्या डोक्यावर राहून जातं. मला विचाराल तर विटेटचं सगळ्यात चांगलं काम हेच, गेटवेपेक्षाही, कारण इथे त्याने मराठी वाड्याला शोकेसमध्ये न ठेवता इमारतीचाच भाग केलंय.

शिवाय परळचं केईएम, बॅलार्ड इस्टेट, बॉम्बे हाऊस, सायन्स इन्स्टिट्यूट, यादी मोठी आहे. केईएमच्या ओपीडीत रोज हजारो माणसं येतात, ती इमारत पण त्याच माणसाची. नंतर सरकारी नोकरी सोडून तो टाटांकडे गेला, १९२६ ला इथेच वारला, पन्नाशीही गाठली नाही, आणि शिवडीच्या दफनभूमीत पुरला गेला.

आता कोणी म्हणेल की इंग्रजाचं कौतुक कशाला. अहो, ज्या राजाने एक वीटही उचलली नाही त्याचं नाव शंभर वर्षं तिथे आहेच की, ते आपण झाकलं नाही आणि झाकूही नये, तो इतिहास आहे. मग काम करणाऱ्यांचं लावायला हरकत कसली? गेटवे तर राज्याच्या पुरातत्त्व विभागाकडे, म्हणजे तुमच्याच खात्यात येतं, कोणाला विचारत बसायची गरज नाही.

मागणी छोटी आहे. गेटवेच्या आवारात, दगडाला धक्का न लावता, एक स्वतंत्र फलक लावा, मराठीत आणि ठळक. आर्किटेक्ट कोण, देखरेख कोणाची, दगड कुठला, किती वर्षं लागली, आणि समोरचा रस्ता गेटवेच्या सरळ रेषेत का येत नाही तेही लिहा, कारण पैसे संपले म्हणून ठरलेला रस्ता झालाच नाही, आणि ते तिरकेपण गर्दीत उभं राहिलं तरी डोळ्यांना जाणवतं. मग म्युझियमचा ट्रस्ट आणि केईएमसाठी महापालिका यांना पत्र पाठवून त्यांच्याकडेही असेच फलक लावायला सांगा. देसाईंचं नाव मात्र विटेटच्या बरोबरीने आणि त्याच आकाराच्या अक्षरात हवं, खाली बारीक टाईपात नको.

मजकूर लिहून द्यायला माणूस मिळत नसेल तर मी लिहून देतो, फुकट, तुमच्या खात्यातल्या जाणकारांनी तो तपासून घ्यावा.

आपला,
दादरचा एक रहिवासी