सावली हातावर ठेवणाऱ्या बाईंना

आदरणीय बाई,

सा. न. वि. वि.

तुमचं नाव इथे लिहीत नाही, कारण तुम्हाला विचारलेलं नाही. ‘बाई’ हे माझ्या वडिलांनी ठेवलेलं नाव. आमच्याकडे शाळेत शिकवणाऱ्या स्त्रीला बाई म्हणतात. बाबांनी सातारा जिल्ह्यातल्या एका गावात ३१ वर्षं भूगोल शिकवला. शाळेबाहेरच्या कुणाला त्यांनी बाई म्हटलेलं मी तरी ऐकलं नव्हतं. त्या दिवशी तुमचं स्टोनहेंज आओटेआरोआ पाहून न्यूझीलंडमधल्या कार्टरटनहून वेलिंग्टनला परत येताना रेमुटाकाच्या घाटात बाबा बराच वेळ गप्प होते. वळणं संपता संपता म्हणाले, “या बाई खऱ्या बाई आहेत.” मी गाडी चालवत होते. माझ्याने काही बोलवलं नाही.

पत्र मराठीत लिहायचं हाही त्यांचाच हट्ट. “मी मराठीत बोलत होतो आणि त्या पूर्ण ऐकून घेत होत्या. तू भाषांतर करेपर्यंत माझ्याकडेच तोंड करून उभ्या होत्या. त्यांना मराठीतच लिही, वाचून दाखवायला मी तुला पाठवीन,” असं म्हणाले. तेव्हा मी येऊन वाचून दाखवणार आहेच. पण त्याआधी आपल्या माणसांनीही हे वाचावं असं मला वाटतं.

बाबांना काचबिंदू आहे. उजव्या डोळ्याने काहीच दिसत नाही, डाव्याने उजेड आहे की नाही एवढंच कळतं. हे असं व्हायची गरज नव्हती. दोन वर्षं ते ज्यांच्याकडे जात होते त्यांनी दर खेपेला “मोतीबिंदू आहे, पिकू द्या” म्हणून परत पाठवलं. डोळ्यातला दाब एकदाही तपासला नाही. दाबाने आतली नस सुकत जाते आणि गेलेली नजर परत येत नाही, हे आम्हाला पुण्याला गेल्यावर कळलं. तो राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही. तुमच्या पत्रात तो कशाला, असं वाटेल. पण त्या दोन वर्षांत आणि नंतरही बाबांशी लोक कसं वागले ते सांगितल्याशिवाय तुम्ही काय केलंत ते कुणाला समजणार नाही.

तुमच्याकडे येण्याच्या आठवडाभर आधी मी त्यांना दुसऱ्या एका शहरात ताऱ्यांचा कार्यक्रम ऐकायला नेलं होतं. ऐकायलाच. निवेदन ऐकून आकाश डोळ्यांपुढे उभं करणं त्यांना अजून जमतं. तिकिटाच्या खिडकीवरच्या माणसाने पांढरी काठी पाहिली आणि मला विचारलं, “यांना दिसत नाही ना? मग यांचं तिकीट कशाला काढता? बाहेर कॉफी घेत बसू देत.” बाबा माझ्या शेजारी उभे होते. त्यांना इंग्रजी चांगलं समजतं. त्याने त्यांना विचारलं नाही, मला विचारलं. आम्ही तिकीट काढलं, आत गेलो, बाहेर आलो. गाडीत बसल्यावर बाबा म्हणाले, “आता पुन्हा कुठे नको नेऊस. घरीच बरं आहे.”

म्हणून तुमच्या गेटापाशी गाडी थांबवली तेव्हा माझ्या पोटात गोळा आला होता. २१ मार्चचा दिवस होता. बाबांना यायचं नव्हतं. विषुवदिन आहे, दिवस-रात्र सारखी, आज तरी चला, असं म्हणून मी त्यांना जवळजवळ ओढून आणलं होतं.

ज्यांना हे ठिकाण माहीत नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते. न्यूझीलंडच्या उत्तर बेटावर वाइरारापा भागात माळावर स्टोनहेंज आओटेआरोआ आहे. इंग्लंडच्या प्राचीन स्टोनहेंजएवढ्याच व्यासाचं वर्तुळ, सुमारे ३० मीटर, त्यावर २४ उभे खांब आणि खांबांच्या माथ्यावर आडव्या तुळया. पण ही हुबेहूब नक्कल नाही. फिनिक्स ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीच्या सभासदांनी स्वतः राबून ते उभं केलं आणि २००५ साली लोकांसाठी खुलं झालं. सगळ्या दिशा इथल्या आकाशाप्रमाणे, ४१ अंश दक्षिण अक्षांशाप्रमाणे बसवलेल्या आहेत. मधोमध पाच मीटरचा सुळका आहे. त्याच्या दक्षिणेला फरशीवर इंग्रजी आठच्या आकड्यासारखी लांबलचक आकृती आहे. रोज घड्याळाच्या एकाच ठरावीक वेळी सुळक्याच्या टोकाची सावली त्या आकृतीवर पडते आणि वर्षभरात तो आठ पुरा करते. पृथ्वीचा आस कललेला आणि तिची कक्षा लंबवर्तुळाकार, त्यामुळे सूर्य घड्याळाच्या कधी पुढे असतो तर कधी मागे. तोच फरक त्या आठात उतरतो.

तुम्ही पुढे आलात आणि पहिलं वाक्य बाबांना उद्देशून बोललात. “तुम्हाला खांब हाताने पाहायला आवडतील का?” एवढंच. मी मधे पडून उत्तर देणार होते, तेवढ्यात बाबा म्हणाले, “येस, प्लीज.” ते काठी माझ्या हातात देऊन तुमच्याबरोबर निघाले.

त्यांनी पहिल्याच खांबावर बोटाच्या पेराने टकटक केली आणि थांबले. “हा दगड नाही.” तुम्ही हसून सांगितलंत, की आत लाकडी सांगाडा आहे आणि वरून काँक्रीटचा फवारा. बाबांना त्याचा इतका आनंद झाला! शाळेच्या स्नेहसंमेलनात बांबू, तरट आणि वरून चुना लावून ते रायगडाचा दरवाजा करायचे, ते त्यांनी तुम्हाला सांगितलं. मी भाषांतर केलं. दरवाजा किती उंच होता हेही तुम्ही विचारलंत. कितीतरी दिवसांत त्यांना कुणी असा साधा प्रश्न विचारला नव्हता. लोक त्यांना विचारतात ते औषधाचं आणि जेवणाचं.

मग आकाशाचं बोलणं निघालं. सुळक्याच्या वरच्या भागातलं भोक दक्षिण खगोल ध्रुवाकडे रोखलेलं आहे आणि त्या जागी ठळक तारा कोणताच नाही, असं तुम्ही सांगितलंत. बाबा म्हणाले, “म्हणजे इथे ध्रुवाचा पाट रिकामाच.” अगस्त्याची गोष्ट त्यांनी तुम्हाला अशी सांगितली, जशी मी चौथीत ऐकली होती: विंध्य पर्वताला ‘मी परत येईपर्यंत वाकून राहा’ म्हणून ऋषी दक्षिणेला गेले आणि परतलेच नाहीत. साताऱ्याहून अगस्त्याचा तारा दक्षिणेला जेमतेम १९-२० अंश वर येतो आणि लगेच खाली जातो. तुमच्याकडे तो कधी मावळतच नाही. “म्हणजे ऋषी इथे येऊन राहिले तर,” बाबा म्हणाले. त्रिशंकूच्या ताऱ्यांचंही तसंच. आमच्याकडे क्षितिजाजवळ कसाबसा लोंबकळणारा त्रिशंकू तुमच्याकडे रात्रभर मुक्कामाला असतो. आपल्या कृत्तिका म्हणजे तुमच्या मातारिकी. त्यांच्यासाठी २०२२ पासून अख्ख्या देशाला सुटी असते हे ऐकून बाबांनी मला विचारलं, “आपल्याकडे नक्षत्रासाठी कोण सुटी देतं गं?” तुम्ही त्यांना या कृत्तिकांच्या, म्हणजे सात बहिणींच्या दगडांपाशी नेलंत, एकेकीवर हात ठेवू दिलात.

पण हे पत्र मी लिहिते आहे ते पुढच्या सात मिनिटांसाठी.

घड्याळात सव्वा वाजला होता. बरोबरचे लोक चहाकडे वळले होते. तुम्ही बाबांना म्हणालात, “खरी दुपार अजून व्हायची आहे. थांबाल?” बाबा एकदम ताठ झाले. घड्याळातले बारा म्हणजे माध्यान्ह नव्हे, सूर्य सर्वांत उंच येतो ती माध्यान्ह, हे त्यांनी जन्मभर पोरांना सांगितलं. साताऱ्याची खरी दुपार साडेबाराच्या आसपास होते हे त्यांचं आवडतं वाक्य. तुम्ही त्यांना सुळक्याच्या दक्षिणेला, सावलीच्या कडेपासून जरा पूर्वेला नेलंत. तुमचं लोकरी जाकीट काढून त्याची घडी केलीत आणि ती त्यांच्या गुडघ्याखाली ठेवलीत. मग विचारलंत, “हात धरू का?” बाबांनी हात पुढे केला. त्यांचा उजवा तळवा तुम्ही फरशीवर पालथा ठेवलात, बोटं फाकवलेली, सुळक्याकडे केलेली. शेजारी स्वतः गुडघे टेकून बसलात आणि काहीही बोलला नाहीत.

मी समोरून बघत होते. सावलीची कड बाबांच्या अंगठ्यापासून दोन बोटं लांब होती. मला ती दिसत होती, त्यांना नाही. मला तोंडातून ‘आली, आली’ म्हणावंसं वाटत होतं. तुम्ही माझ्याकडे पाहून हलकेच मान हलवलीत, आणि मी ओठ मिटून घेतले. मार्चचं ऊन, फरशी तापलेली, त्यावर बाबांचा म्हातारा, शिरा वर आलेला हात. वारा होता. कड अंगठ्याच्या नखावर आली, मग पेरावर चढली.

“गार लागलं,” बाबा म्हणाले.

पुन्हा शांतता. तर्जनी. मग मधलं बोट. सावली पुढे सरकत होती आणि बाबांचं तोंड हळूहळू उघडत होतं, लहान मुलाचं जादूचा खेळ बघताना उघडतं तसं. अनामिका. करंगळीवर आली तेव्हा त्यांनी डोळे मिटले. बाबांना डोळे मिटायची गरज नाही, बाई. तरी मिटले.

“फिरतेय,” ते म्हणाले. “पृथ्वी फिरतेय. हाताखालून.”

३१ वर्षं त्यांनी हे शिकवलं. पटांगणात काठी रोवून, सावली मोजायचा बारा अंगुळांचा शंकू करून, खडूने रेघा मारून. दर मे महिन्यात, भर दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो त्या शून्य सावलीच्या दिवशी, पोरांना उन्हात उभं करून. सगळं डोळ्यांनी. डोळे गेल्यावर तो विषयच गेला असं ते धरून चालले होते, आणि आम्हीही. तुम्ही तो त्यांच्या हातावर ठेवलात. त्यासाठी यंत्र लागलं नाही, खर्च लागला नाही, कुणाची परवानगी लागली नाही. घडी घातलेलं जाकीट आणि सात मिनिटं गप्प राहायची तयारी लागली.

मग बाबांच्यातला मास्तर जागा झाला. उठता उठता मधेच थांबले. “बाई, अंगठ्याला आधी लागली. इथे सूर्य उत्तरेला, म्हणून काठीकडे तोंड केलं की सावली डावीकडून उजवीकडे येते. आमच्याकडे काठीकडे तोंड म्हणजे दक्षिणेकडे तोंड. तिथे ती उजवीकडून यायला हवी. म्हणजे करंगळीला आधी लागायला हवी.” मी भाषांतर केलं. तुम्ही क्षणभर विचार केलात आणि म्हणालात, “हे मला कधी सुचलं नव्हतं. करून बघाल? मला कळवाल?” तुम्ही मन राखायला म्हणत नव्हता. तुम्हाला खरोखर जाणून घ्यायचं होतं, आणि ते बाबांना तुमच्या आवाजावरून कळलं.

माणसाने माणसाशी असं वागावं, यात अवघड काय आहे, असा विचार मी त्या दिवसापासून करते आहे. तिकिटाच्या खिडकीवरचा तो माणूस वाईट असेल असं नाही. त्याला घाई असेल. दाब न तपासणाऱ्यांनाही घाईच असेल. तुमच्याकडेही त्या दिवशी गर्दी होती, चहा निवत होता, तुमचे गुडघे दुखत होते हे उठताना दिसलंच. तरी तुम्ही बसलात. आमच्याकडे अशा वागण्याला माणुसकी म्हणतात. शब्द इतका वापरून गुळगुळीत झालाय की मला तो लिहायला संकोच वाटतो, पण दुसरा माझ्यापाशी नाही.

बाबा एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात गावी परतले. आई सांगते, पूर्वीसारखे दिवसभर कॉटवर पडून नसतात. आळीतली दोन मुलं दुपारी येतात. येत्या शून्य सावलीच्या दिवसाची तयारी चालली आहे. सातव्या इयत्तेतली एक मुलगी डोळ्यांना रुमाल बांधून बसते म्हणे, कारण “आजोबांसारखं बघायचंय.”

काल रात्री त्यांचा फोन आला. तब्येत विचारायच्या आधीच बोलायला लागले. परसात कपडे वाळत घालायच्या दोरीचा लोखंडी खांब आहे, त्याच्या सावलीत त्यांनी हात ठेवला होता. दुपारी, साडेबाराला, दक्षिणेकडे तोंड करून. खांब बारीक, म्हणून सावली एका वेळी एकाच बोटावर बसत होती. आईला घड्याळ धरून उभं केलं होतं.

“करंगळीला आधी लागली,” म्हणाले. “बाईंना कळव.”

आपली,
सरांची मुलगी
वेलिंग्टन