दिन्या, पोरगी एकटी उडाली

उजळाईवाडी, कोल्हापूर
रविवार, रात्री

प्रिय दिन्या,

दिवाळीत तू दोनदा फोन केलास आणि दोन्ही वेळा मी "बाहेर आहे, नंतर करतो" म्हणालो. बाहेर नव्हतो. घरातच होतो. तुझ्याशी बोलायला लागलो की हे सगळं सांगावं लागणार, म्हणून टाळत होतो. तब्येत बरी आहे, शुगरची गोळी चालू आहे, आईचे गुडघे होते तसेच. ते राहू दे.

चिमी परवा एकटी उडाली.

गेल्या पावसाळ्यात तिनं पायलटच्या शिक्षणाला प्रवेश घेतला. कराडला, वारुंजीच्या धावपट्टीवर शिकतेय. तुला कोणाकडून तरी कळलंच असेल, पण ते माझ्याकडून कळायला पाहिजे होतं. परवा पहाटे साडेचारला हिला न सांगता गाडी काढली. किणीचा टोल, पेठ नाका, आणि कराडला पोचेपर्यंत नुकतं फटफटलं होतं. तिथं प्रवासी विमानं नाहीत, गर्दी नाही. शेतं, एक पट्टी, दोन-तीन छोटी विमानं आणि कुंपणाबाहेर दूध घालून परत निघालेली माणसं. आणि दिन्या, आपला पायजमा तिथंही आहे! वाऱ्याची दिशा दाखवणारी ती कापडी नळी, केशरी-पांढरी, वाऱ्यानं अर्धवट फुगलेली. मी एकटाच मोठ्यानं "पायजमा!" म्हणालो. शेजारचा दूधवाला बघायला लागला.

उडायच्या आधी ती पंखाखाली वाकून टाकीतलं थोडं पेट्रोल एका पारदर्शक नळीत काढून उजेडाला धरत होती. निळसर असतं ते, विमानाचं. पाणी पेट्रोलपेक्षा जड, त्यामुळं शिरलं असेल तर तळाला वेगळं दिसतं. वर गेल्यावर ते पाणी इंजिनात गेलं तर काय होईल ते तुला सांगायला नको. माझी पोरगी, जी कपाटाचं दार कधी लावत नाही, ती एकेक गोष्ट हात लावून बघत होती, कागदावर खूण करत होती, पुन्हा बघत होती.

सरांनी तिच्याबरोबर दोन फेऱ्या मारल्या. मग विमान कडेला थांबलं, दार उघडलं आणि सर उतरले. इंजिन चालूच. माझ्या पोटात जे झालं ते मी हिला सांगितलेलं नाही, कुणालाच नाही. सर उतरले की सत्तर-ऐंशी किलो वजन कमी होतं आणि विमान रोजच्यापेक्षा लवकर उचलतं, हे चिमीनं मला आधीच सांगून ठेवलं होतं. तरी ते चटकन वर गेलं तेव्हा मी कुंपणाची तार धरली. ती हजार फुटांवर गेली, वळली, पट्टीला समांतर उलटी गेली, परत वळली. उतरायच्या अंगाला आली आणि इंजिनचा आवाज एकदम बारीक झाला. मला वाटलं, बंद पडलं. उतरताना पॉवर कमी करतात, हेही तिनं सांगितलं होतं! त्या वेळी काही आठवलं नाही. सगळी मिळून सहा-सात मिनिटं. चाकं टेकली तेव्हा दूधवाल्यानं विचारलं, "कोण तुमची?" मी नुसती मान हलवली.

नंतर पोरांनी तिच्या अंगावर बादलीभर पाणी ओतलं. पहिल्यांदा एकटं उडालं की तशी पद्धत आहे म्हणे. ती कुडकुडत माझ्याकडं आली आणि पहिलं काय विचारलं माहीत आहे? "बाबा, दिनूकाकांना सांगितलंत?"

म्हणून हे पत्र.

आता मागचं बोलतो. उजळाईवाडीचा माळ, सत्याऐंशी-अठ्ठ्याऐंशी साल, तुझी हर्क्युलस सायकल आणि वायुदूत कंपनीचं विमान. विमान आलं तर आलं, नाहीतर म्हशी. तू सांगायचास, ही पट्टी राजाराम महाराजांनी १९३९ साली केली, मुंबईच्या बरोबरीनं कोल्हापूरला विमान यावं म्हणून, आणि एक दिवस इथूनच मी उडणार. आणि ती आपली पैज! पट्टीच्या टोकावरचे ०७ आणि २५ हे होकायंत्राचे आकडे आहेत असं तू म्हणायचास. मी म्हणायचो, बांधकाम खात्यानं घातलेले नंबर आहेत. दीड तास भांडलो होतो, खासबागपर्यंत. चिमीनं परवा समजावलं. ०७ म्हणजे ७० अंश, २५ म्हणजे २५०, शेवटचं शून्य सोडून देतात. एकच पट्टी, दोन टोकं, मध्ये १८० अंशांचा फरक. त्यामुळं मिसळ लागू आहे. पस्तीस वर्षांच्या वरचं व्याज धरून तीन प्लेटी.

पण दुसरी गोष्ट पैजेसारखी फिटणारी नाही. तू फ्लाइंग क्लबचा फॉर्म आणलास, आण्णा कागलची जमीन तारण ठेवायला जवळजवळ तयार झाले होते, आणि मी संध्याकाळी तुमच्या सोप्यात बसून आण्णांना म्हणालो, "काका, पडून मरंल तो." आण्णांनी फॉर्म फाडला. तू दोन वर्षं माझ्याशी बोलला नाहीस. मग माझ्या लग्नात पंगतीला वाढायला उभा राहिलास आणि विषय मिटला. आपण त्यावर परत कधीच बोललो नाही. आज बोलतो. दिन्या, मला तू मरशील असं वाटलं नव्हतं. तू जाशील असं वाटलं होतं. कोल्हापूर सोडून, मला सोडून. तेवढंच होतं. आण्णांना मरणाची भीती घातली, कारण खरं कारण सांगायची लाज वाटली.

आणि आता तोच कागद माझ्यासमोर आहे. पहिला हप्ता हिच्या पाटल्या आणि माझा पीएफ मिळून भरला. कमर्शियल पायलटच्या परवान्याला २०० तास उड्डाण लागतं, त्याशिवाय हवामान, दिशादर्शन, नियम असे पेपर, शिवाय रेडिओची वेगळी परीक्षा. सगळं धरून ५० लाखांच्या घरात जातं. बँक तामगावकडची ३० गुंठे तारण मागतेय. एजंट दर आठवड्याला दारात, विकताय का म्हणून. आपल्या माळाचं आता काय झालंय तू बघितलंयस ना? पट्टी १३७० मीटरची होती, ती १९३० मीटरची झाली, मार्च २०२४ मध्ये काळ्या दगडाच्या रूपातली नवी इमारत झाली, हैदराबाद-मुंबईची विमानं येतात. ज्या तुकड्यात वडलांना ऊस धड येत नव्हता, त्याला सोन्याचा भाव. दादा म्हणतो, "पोरीच्या हौसेपायी काळी आई गहाण टाकणार?" त्याचं सगळंच चुकीचं आहे असं मला म्हणता येत नाही. परवाना हातात घेऊन दोन-दोन वर्षं घरी बसलेली पोरं आहेत, चिमीच मला सांगते. ती काही लपवत नाही. लपवत असती तर नाही म्हणायला सोपं गेलं असतं.

मी दादाला २०१९ च्या पुराची आठवण दिली. पंचगंगेची धोका पातळी ४३ फूट आणि पाणी ५५ च्या वर गेलेलं. शिरोलीला हायवे पाण्याखाली, ना पुण्याकडून काही येत होतं ना आपण जाऊ शकत होतो. तुझ्या आईला शुक्रवार पेठेतून बोटीनं काढून आमच्या घरी आणलं होतं, त्या दिवशी माळावर हेलिकॉप्टरचा आवाज आला तेव्हा त्या माउलीनं हात जोडले. एवढ्या गावांना तेव्हा आकाशाचाच रस्ता उरला होता. दादा म्हणाला, "त्याचा चिमीच्या फीशी काय संबंध?" संबंध आहे, पण मला मांडता आला नाही. तू असतास तर मांडला असतास.

वहिनींचं ऑपरेशन झालं हे मला मेव्हण्याकडून कळलं, मला फार वाईट वाटलं. आता कशा आहेत? फ्लॅटचा ताबा मिळाला का? पोराचं लग्न ठरलं म्हणे, हळदीला मी आधी दोन दिवस येतो, पांढरा रस्सा माझ्याकडं लागला.

परत चिमी. रात्री झोप लागत नाही. भीती वाटते, ती खरी आहे की मी पुन्हा तेच करतोय, मला कळत नाही. ती पडेल म्हणून नको वाटतंय की ती जाईल म्हणून? तिच्या आईला विचारलं तर ती म्हणते, दोन्ही असेल, म्हणून काय झालं. हा प्रश्न मी तुझ्याशिवाय कुणाला विचारू? त्या सोप्यात आण्णांच्या समोर आपण दोघंच होतो.

पुढं तिला एक लांबची फेरी एकटीनं करायची आहे, ३०० सागरी मैलांची, वाटेत दोन वेगळ्या विमानतळांवर उतरून. त्यातलं एक कोल्हापूर असू शकतं असं सर म्हणालेत. म्हणजे ०७ नाहीतर २५, वारा असेल तसं.

बँकेत सही २० तारखेला आहे. त्याआधी ये, नाहीतर फोन कर. माझ्याशी नको बोलूस, तिच्याशी बोल, आणि तिच्याशी बोलून झालं की मला खरं काय ते सांग. रागावून सांगितलंस तरी चालेल. रात्री दहानंतर कर. या वेळी उचलतो.

तुझा,
अव्या