पूल होतोय, पण पलीकडच्या रस्त्याचं काय?

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

महाबळेश्वर तालुक्यात तापोळ्याजवळ कोयना धरणाच्या शिवसागर जलाशयावर अहिरकडं जाणारा मोठा पूल होतोय, त्याचे फोटो सगळ्यांच्या मोबाईलवर फिरतायत, आनंदच आहे. पण पूल ओलांडून पुढं कांदाटी खोऱ्यात जायचं म्हणजे जो रस्ता आहे त्याच्याबद्दल कुणी चकार शब्द काढत नाही, म्हणून हे पत्र.

कोयना धरण 1960 च्या दशकात झालं, आज साठा 105 टीएमसीचा, राज्याला वीज मिळाली, आणि नदीकाठची भाताची खाचरं, जुन्या वाटा सगळं पाण्याखाली गेलं. काही गावं उठून लांब गेली, जी राहिली ती वर डोंगराला सरकली. मागं सह्याद्रीचा कडा, पुढं पाणी, भोवती अभयारण्य. अकल्पे, उचाट, लामज, शिंदी ही गावं सातारा जिल्ह्यातली, पण बाजार असो नायतर दवाखाना, माणसं रघुवीर घाट उतरून रत्नागिरी जिल्ह्यातल्या खेडला जातात कारण तेच जवळ पडतं. पावसाळ्यात घाटात दरड आली की तो रस्ता बंद, आणि वारा सुटला की लाँच न तराफा पण बंद. मग आजारी माणसाला डोलीत घालून न्यायचं!

आमची आत्या तिकडं दिलीय त्यामुळं येणंजाणं असतं. रस्ता खराब का होतो ते नीट बघितलं तर कळतं. डोंगराकडच्या बाजूला गटारच नाही, असलं तर मातीनं बुजलेलं, रस्त्याखालच्या मोरीच्या पाईपात पालापाचोळा न दगड अडकलेले, मग पाणी पाईपातून न जाता डांबरावरनं वाहतं आणि दरीकडची साईडपट्टी खाऊन टाकतं, पुढच्या पावसात डांबराची कडा खाली लोंबकळत असते. दरवर्षी वरनं डांबर टाकतात, मोरीला कुणी हात लावत नाही. महाबळेश्वर पट्ट्यात वर्षाला 5000 मिलीमीटरच्या वर पाऊस पडतो, तिथं पाण्याला वाट दिली नाही तर कुठलं डांबर टिकणार? जुलै 2021 ला पाटण तालुक्यात आंबेघर, मिरगाव, ढोकावळे इथं डोंगर खाली आला ते आपण सगळ्यांनी बघितलंय, हा पण तोच सह्याद्री आहे.

आम्हाला चौपदरी हायवे नकोय, अभयारण्यात तो नकोच. आहे तोच रस्ता बाराही महिने चालू पाहिजे. मे महिन्यात मोऱ्या न गटारं साफ करा, जिथं रस्त्याची कडा सुटलीय तिथं संरक्षक भिंत घाला, पाऊस सुरू व्हायच्या आत घाटात एक जेसीबी ऑपरेटरसकट कायमचा उभा ठेवा म्हणजे दरड पडल्यावर खालनं मशीन यायची वाट बघत बसायला नको. आणि पूल सुरू होईल त्या दिवसापासनं साताऱ्याची एसटी खोऱ्यात मुक्कामी सोडा. पर्यटकांच्या गाड्या तर येतीलच, पण शाळेला जाणाऱ्या पोरांना पण गाडी पाहिजे.

आपला,
एक वाचक, सातारा